वाशाखालचा भुगा काय सांगतो

कोकणातल्या कौलारू घरात भिंतीकडेला लाकडाच्या भुग्याची बारीक रास दिसली की घरातल्यांचा जीव खाली-वर होतो. वाशाला बारीक भोके पडलेली असतात. लगेच औषध आणून एकेका भोकात पिचकारी मारली जाते. पण भोक दिसते तेव्हा ते पाडणारा कीटक बहुधा निघून गेलेला असतो. अळी काही महिने, कधी वर्षभर आतल्या आत लाकूड पोखरते, तिथेच कोषात जाते आणि भुंगेरा होऊन बाहेर पडताना भोक पाडते. म्हणून औषधाआधी भुगा नीट पाहावा.

चिमटीत धरल्यावर भुगा पिठासारखा लागून बोटांना कणही जाणवत नसेल, तर ते काम बहुतेक लिक्टस जातीच्या भुंगेऱ्याचे. खसखशीसारखे सुटे, कोरडे दाणे पडत असतील आणि भिंगाखाली त्यांना सहा बाजू दिसत असतील, तर ती कोरड्या लाकडातली वाळवी. तिचा जमिनीशी संबंध नसतो, त्यामुळे जोत्याभोवतीच्या मातीत कितीही औषध ओतले तरी तिला काही होत नाही. आणि भिंतीवरून मातीच्या नळ्या वर चढत असतील तर ती जमिनीतली वाळवी. तिघांना एकच औषध, एकाच पद्धतीने मारले की पैसे जातात आणि कीड राहते.

यातला लिक्टस मला सगळ्यात विलक्षण वाटतो. मादी आधी लाकूड कुरतडून चव घेते आणि पुरेसा स्टार्च असेल तरच लाकडातल्या सूक्ष्म वाहिन्यांच्या उघड्या तोंडांत अंडी घालते. अळीला सेल्युलोज, म्हणजे लाकडाचा मुख्य तंतुमय घटक, पचत नाही. एवढे लाकूड ती पोखरते ते त्यातल्या स्टार्चसाठी. हा स्टार्च असतो खोडाच्या बाहेरच्या फिकट भागात, म्हणजे रसकाष्ठात. गाभ्यात तो जवळजवळ नसतो. सागाच्या गाभ्यात तर टेक्टोक्विनोनसारखी वाळवीला न मानवणारी द्रव्येही असतात. पण सागाचा पांढरा भाग कीड आवडीने खाते, त्यामुळे ‘सागवान आहे, काळजी नको’ हे अर्धेच खरे. जुना वासा धडधाकट आणि गेल्या दुरुस्तीत घातलेल्या रिपा भुसभुशीत, असे अनेक घरांत दिसते, त्यामागे हेच कारण असते. रबराच्या लाकडात स्टार्च भरपूर असल्याने ते कापल्यावर लवकरात लवकर बोरॉनच्या (म्हणजे बोरॅक्ससारख्या क्षारांच्या) द्रावणात मुरवावे लागते. बांबू ओढ्यात भिजत ठेवण्याची जुनी रीतही याच कारणाने उपयोगी पडते: पाण्यात स्टार्च कमी होतो आणि किड्याला खायला उरत नाही.

जुन्या घरांच्या बांधणीतच बराच बंदोबस्त होता. लाकडी खांब थेट मातीत न पुरता दगडी तळखड्यावर उभा करत. त्यामुळे जमिनीची ओल वर चढत नसे आणि वाळवीला लपून शिरता येत नसे. चुलीचा धूर आढ्यापर्यंत जाऊन लाकूड कोरडे ठेवी आणि त्यावर काजळीचा थर चढवी. तो धूर घरातल्या बायकांच्या फुप्फुसांतही जात होता, म्हणून तो गेला हे चांगलेच झाले. पण त्याच्या जागी आपण काहीच आणले नाही, आणि फुटलेल्या कौलाखालचा वासा पावसाळाभर ओला राहतो.

कीड जिवंत आहे का, हे पाहायला खाली काळा कागद अंथरावा आणि जुन्या भोकांवर पेन्सिलने खूण करावी. काही आठवड्यांत ताजा भुगा किंवा बिनखुणेची भोके दिसली, तरच उपचाराची गरज. लिक्टससाठी बोरॅक्स आणि बोरिक ॲसिडचे द्रावण चांगले चालते. मात्र ते उघड्या लाकडालाच लावावे. रंग किंवा व्हार्निश असेल तर आधी खरवडावे, नाहीतर ते आत मुरत नाही. खोलवरच्या अळ्या लगेच मरत नाहीत, पण बाहेर पडणारे भुंगेरे आणि नव्याने शिरणाऱ्या अळ्या ते पोटात गेल्याने मरतात. त्यामुळे आणखी काही महिने भुगा पडला तरी घाबरून दुसरे जहाल औषध आणू नये.

पाऊस लागणाऱ्या लाकडातून बोरॉन धुऊन जाते. तिथे कोकणात काजूच्या टरफलांचे तेल लावतात. ते टिकते, पण कच्च्या तेलाने कातडी भाजून फोड येतात, तेव्हा हातमोजे घालूनच ते लावावे आणि पोरांना लांब ठेवावे.