अफूजन्य द्रव्ये आणि डोपामीन

अफू, मॉर्फीन, कोडीन, हेरॉइन, ट्रामाडॉल, फेंटॅनिल इत्यादी द्रव्यांचा मेंदूतील डोपामीन या चेताप्रेषकाशी (चेतापेशींमध्ये संदेश पोहोचविणाऱ्या रसायनाशी) असलेला संबंध. ही द्रव्ये डोपामीन स्रवणाऱ्या चेतापेशींना थेट उत्तेजित करीत नाहीत. मध्यमेंदूतील या पेशींवर गॅबा हे चेतापेशींना शांत करणारे रसायन स्रवणाऱ्या चेतापेशींचे नियंत्रण असते. अफूजन्य द्रव्ये म्यू ग्राहींना (पेशींवरील विशिष्ट ग्रहणस्थानांना) चिकटून या नियंत्रक पेशींना शांत करतात आणि लगाम सुटल्यामुळे न्यूक्लियस अक्युंबेन्स या सुख व ओढीशी निगडित मेंदूकेंद्रात डोपामीन वाढते. जॉन्सन व नॉर्थ या संशोधकांनी ही यंत्रणा १९९२ मध्ये मांडली.

सेर्ट्युर्नर या जर्मन औषधविक्रेत्याने अफूपासून मॉर्फीन वेगळे केले, त्याचे वर्ष १८०३ ते १८०६ या दरम्यान निरनिराळे दिले जाते. त्याच्या १८१७ च्या लेखानंतरच या शोधाकडे विशेष लक्ष गेले. अफूचे ग्राही १९७३ मध्ये तीन गटांनी स्वतंत्रपणे दाखवून दिले आणि १९७५ मध्ये ॲबर्डीन येथे ह्यूज व कोस्टरलिट्झ या संशोधकांना मेंदूतच तयार होणारी, अफूसारखे कार्य करणारी एन्केफॅलिने ही द्रव्ये सापडली. मेंदूत अफूचे ग्राही का असावेत, याचा उलगडा त्यामुळे झाला.

अफूजन्य सुखासाठी डोपामीन अपरिहार्य आहे काय, याविषयी मतभेद आहेत. १९८४ मधील प्रयोगांत अक्युंबेन्समधील डोपामीन-तंतू नष्ट केलेल्या उंदरांनी कोकेन घेणे कमी केले, हेरॉइन मात्र बव्हंशी चालू ठेवले. याउलट डी कियारा व इम्पेरातो या संशोधकांनी १९८८ मध्ये अफूजन्य द्रव्ये, अल्कोहोल, निकोटीन, कोकेन व ॲम्फेटामीन या सर्वांमुळे अक्युंबेन्समध्ये डोपामीन वाढते असे दाखविले. बेरिज व रॉबिन्सन या संशोधकांच्या मते डोपामीन हे सुखाचे नव्हे, ओढीचे रसायन आहे. सुख ओसरल्यावरही तलफ का टिकते, याचे स्पष्टीकरण देणारे हे मत अधिक ग्राह्य वाटते. डोपामीनला सरसकट ‘आनंदाचे रसायन’ म्हणणे त्यामुळे दिशाभूल करणारे आहे.

इतर व्यसनकारक द्रव्ये डोपामीन निराळ्या मार्गांनी वाढवितात. कोकेन डोपामीनचे पुनर्ग्रहण (स्रवलेले डोपामीन पेशीत परत घेतले जाणे) रोखते. ॲम्फेटामीन साठवलेले डोपामीन पेशीबाहेर काढते. निकोटीन ॲसिटिलकोलीन या दुसऱ्या चेताप्रेषकाच्या ग्राहींमार्फत डोपामीन-पेशींना चेतविते. चुना लावून मळलेली तंबाखू व मिश्री यांतूनही हेच निकोटीन हिरड्यांवाटे रक्तात जाते. मिश्री दात घासण्यासाठी म्हणून वापरली जात असल्यामुळे तिची सवय घरात व्यसन मानली जात नाही, ही गंभीर बाब आहे.

सततच्या सेवनाने ग्राहींचा प्रतिसाद मंदावतो व मात्रा वाढवावी लागते. सेवन थांबताच मस्तिष्कस्तंभातील लोकस सेरुलियस या केंद्रातून नॉरॲड्रेनलीन या चेताप्रेषकाचा स्राव वाढतो. जांभया, नाक-डोळ्यांतून पाणी, जुलाब, अंगदुखी व अस्वस्थता ही लक्षणे त्यातून काही अंशी उद्भवतात आणि म्हणून हा स्राव कमी करणाऱ्या क्लोनिडीन या औषधाने ती सौम्य होतात. अतिमात्रेतील मृत्यू मुख्यतः मस्तिष्कस्तंभातील श्वसनकेंद्र मंदावल्याने होतो. डोपामीनशी त्याचा थेट संबंध नाही. म्यू ग्राहींवरून अफूजन्य द्रव्य हटविणारे नॅलोक्सोन वेळेत दिल्यास श्वसन पूर्ववत होऊ शकते, परंतु त्याचा प्रभाव अल्पकाळ टिकत असल्याने रुग्णावर पुढेही लक्ष ठेवावे लागते. दीर्घ उपचारात मेथाडोन हे याच ग्राहींवर काम करणारे औषध किंवा ग्राहींना अंशतःच चेतविणारे ब्युप्रेनॉर्फीन वापरतात. भारतात या द्रव्यांवर १९८५ च्या अमली पदार्थविषयक कायद्याचे नियंत्रण असून ट्रामाडॉलचा त्यात २०१८ मध्ये समावेश झाला.