साथीचा नकाशा कोण रंगवतो?

साथीच्या रोगांचे नकाशे म्हटले की जॉन स्नो या इंग्रज डॉक्टरांचा, लंडनमधील १८५४ च्या कॉलऱ्याचा नकाशा सांगितला जातो. परंतु त्यात रंग नव्हता, प्रत्येक मृत्यूसाठी घराशी काढलेली एक काळी रेघ होती. विभाग रंगवून साथीची तीव्रता दाखवण्याची रीत त्याहून जुनी आहे. १८४३ च्या तापाच्या साथीनंतर रॉबर्ट पेरी या डॉक्टरांनी ग्लासगो शहराचे विभाग पाडून, जेथे रुग्ण अधिक तो भाग गडद दाखवला होता. हा नकाशा असलेले त्यांचे पुस्तक तेथील मनोरुग्णालयातील रुग्णांनी छापले, हा तपशील मात्र सहसा कोणी सांगत नाही.

पुढे दीर्घकाळ असे नकाशे सरकारी खात्यांच्या आणि संशोधकांच्या हातीच राहिले. हे चित्र ठळकपणे बदलले ते २००९ च्या स्वाइन फ्लूच्या वेळी. विकिपीडियावरील जगाच्या नकाशाच्या फाइलमध्ये प्रत्येक देश ही स्वतंत्र आकृती असते आणि फाइलमागील सांकेतिक मजकुरातील एखादी ओळ बदलली की त्या देशाचा रंग बदलतो. त्यामुळे नवा रुग्ण आढळल्याची बातमी येताच कोणताही स्वयंसेवक नकाशा अद्ययावत करू शकत होता. खरे कठीण काम रंग भरण्याचे नव्हते, तर कोणत्या पुराव्यावर भरायचा हे ठरवण्याचे होते. वृत्तपत्रातील बातमी पुरेशी मानायची की प्रयोगशाळेच्या अहवालाची वाट पाहायची, संशयित रुग्णांना वेगळा रंग द्यायचा का, हे निर्णय अनोळखी माणसांना आपसांत चर्चा करूनच घ्यावे लागतात. त्यातच १६ जुलै २००९ रोजी जागतिक आरोग्य संघटनेने खात्रीशीर रुग्णांचे देशवार जागतिक तक्ते देणे थांबवले, कारण साथ पसरल्यावर प्रत्येक रुग्णाची तपासणी करणे देशांना अशक्य होत चालले होते. त्यानंतर रंग रुग्णसंख्येपेक्षा तपासणीची क्षमताच अधिक दाखवतो, ही शंका रास्त ठरते.

२०१४ च्या इबोलाच्या साथीत अडचण याहून मूलभूत होती. गिनीतील गेकेडू परिसराचा पुरेसा तपशीलवार नकाशाच उपलब्ध नव्हता. ओपनस्ट्रीटमॅप या, कोणीही भर घालू शकेल अशा खुल्या नकाशाच्या स्वयंसेवकांनी उपग्रहचित्रांवरून रस्ते आणि घरे रेखाटली, तेव्हा रुग्णांच्या गावांचा माग काढणे सोपे झाले. हैतीच्या २०१० च्या भूकंपात असेच नकाशे काढल्याचा अनुभव येथे कामी आला.

कोविडच्या काळात भारतातील ‘कोविड १९ इंडिया’ या स्वयंसेवी उपक्रमाने राज्यांच्या पत्रकांतून आकडे जुळवून जिल्हावार नकाशा चालवला आणि ३१ ऑक्टोबर २०२१ रोजी काम थांबवले. तोवर रंगांविषयीचे जुने प्रश्न सुटले नव्हतेच. एकूण रुग्णसंख्येनुसार रंगवलेल्या नकाशात मोठ्या लोकसंख्येचे प्रदेश आपोआप गडद होतात, दर लाख लोकसंख्येमागील प्रमाण घेतले तर मूठभर रुग्णांचा छोटा प्रदेशही भयंकर दिसू लागतो, आणि ‘रुग्ण नाहीत’ व ‘माहिती नाही’ यांना एकच फिकट रंग दिला तर जेथे तपासणीच झाली नाही तो भाग सुरक्षित वाटतो.