पार्श्वभूमी : पनामा कालवा आणि मजुरांची दोन पगारपत्रके

पनामाचे काम अमेरिकेने १९०४ मध्ये हाती घेतले तेव्हा पहिली अडचण माणसांची होती. आधी हा कालवा खणणारी फ्रेंच कंपनी १८८९ मध्ये बुडाली, तेव्हा हजारो जमैकन मजूर तिथेच अडकले आणि त्यांना घरी आणण्याचा खर्च जमैकाच्या वसाहत सरकारच्या गळ्यात पडला. त्यामुळे दुसऱ्या खेपेस त्या सरकारने भरतीला दाद दिली नाही. चिनी मजूर आणण्याचा बेत अमेरिकेतल्या कामगार संघटनांनी हाणून पाडला. स्पेनमधून काही हजार माणसे आली; त्यांना तासाला २० सेंट मिळत. त्याच कामाला त्याच्या निम्म्या दरात तयार होणारी माणसे सापडली बार्बाडोसमध्ये.

या बेटावर जमीन ऊसमळेवाल्यांची आणि मजुरी त्यांच्या मर्जीची. १९०५ पासून ब्रिजटाउनमध्ये भरती सुरू झाली आणि सुमारे २० हजार पुरुष करारावर गेले. तासाला १० सेंट, दिवसाचे १० तास, ५०० दिवस भरले तर परतीचा प्रवास फुकट. याशिवाय पदरमोड करून, करारावाचून गेलेले कॅरिबियन लोक वेगळेच.

या मजुरांच्या इतिहासात सर्वांत जास्त वाद आहे तो दोन पगारपत्रकांवर. अमेरिकनांना पगार सोन्याच्या चलनात, बाकीच्यांना चांदीच्या. म्हणून एक ‘गोल्ड रोल’, दुसरे ‘सिल्व्हर रोल’. ही फक्त हिशेबाची सोय होती, असा बचाव आजही केला जातो. सुरुवातीपुरता तो खराही आहे, कारण पहिल्या वर्षांत काही काळे कारागीर आणि कारकून सोन्याच्या पत्रकावर होते. मग १९०६ पासून त्यांना एकेक करून खाली उतरवले गेले. १९०८ च्या आदेशाने सोन्याचे पत्रक अमेरिकी नागरिकांसाठी राखून ठेवले. पुढे पनामाच्या नागरिकांनाही त्यात जागा दिली, पण ती नावापुरतीच. निकष नागरिकत्वाचा होता म्हणावे, तर कामावर असलेले थोडे काळे अमेरिकन बहुतेक चांदीच्याच पत्रकावर का राहिले? त्यांतल्या काहींना रजेची सवलत देऊन प्रश्न मिटवला गेला. मग हिशेबाची सोय कसली?

पत्रक पगारापुरते राहिलेच नाही. पोस्टात दोन खिडक्या, दुकानात दोन दारे, इस्पितळात वेगळे वॉर्ड, मुलांना वेगळ्या शाळा. सोनेवाल्यांना फर्निचरसकट घर, पगारी सुट्टी, आजारपणाची रजा. चांदीवाल्यांच्या खानावळीत बसायला बाकसुद्धा नव्हते. थाळी हातात घ्यायची आणि उभ्याने किंवा बाहेर उकिडवे बसून जेवायचे. प्रत्येक मजुराला नंबर कोरलेला पितळी बिल्ला असे. तो दाखवल्याशिवाय पगार नाही.

आरोग्याच्या कामगिरीचे कौतुक खूप होते, आणि पनामा शहरातून डासांमुळे पसरणारा पीतज्वर १९०५ अखेर हटला हे खरेच. पण डासांच्या जाळ्या आधी सोनेवाल्यांच्या घरांना लागल्या. पावसात दिवसभर भिजून ओल्याच कपड्यांत झोपणाऱ्या मजुरांना पुढे न्यूमोनियाने गाठले. शिवाय सुरुंग होते. डिसेंबर १९०८ मध्ये बास ओबिस्पो येथे सुमारे २२ टन डायनामाइट वेळेआधी उडाले आणि २३ जण ठार झाले. अमेरिकी काळातल्या मृत्यूंची अधिकृत नोंद ५,६०९ आहे. त्यांतले सुमारे साडेचार हजार कॅरिबियन बेटांवरचे. फ्रेंचांच्या काळात २० हजारांहून अधिक गेले असा अंदाज सांगितला जातो, पण तो अंदाजच.

१९१४ मध्ये कालवा खुला झाला आणि मोठी कपात झाली. कोणी केळीच्या मळ्यांत गेले, कोणी क्यूबाच्या उसात. बरेच जण पनामातच राहिले आणि चांदीचे पत्रकही राहिले. फेब्रुवारी १९२० मध्ये दहा हजारांहून अधिक जणांनी संप केला. संपकऱ्यांना कालवा क्षेत्रातल्या, म्हणजे कालव्याच्या दोन्ही बाजूंच्या अमेरिकेच्या ताब्यातल्या पट्ट्यातल्या, घरांतून बाहेर काढले गेले आणि काही दिवसांत संप मोडला. थकलेल्या मजुरांना काही द्यावे, हे अमेरिकी काँग्रेसला १९३७ मध्ये सुचले. सेवेच्या प्रत्येक वर्षामागे महिना एक डॉलर, फार तर २५ डॉलर. कालवा बांधणाऱ्या अमेरिकनांसाठी १९४४ मध्ये वेगळा, उदार कायदा झाला. त्यात चांदीवाले नव्हते.

पनामानेही त्यांना आपले मानले नाही. १९४१ च्या संविधानाने, मातृभाषा स्पॅनिश नसलेल्या काळ्या स्थलांतरितांच्या तिथेच जन्मलेल्या मुलांचे नागरिकत्व काढून घेतले. ते १९४६ मध्ये परत मिळाले. दुसऱ्या महायुद्धानंतर पाट्यांवरून ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’ पुसले गेले आणि त्यांच्या जागी ‘यूएस रेट’ व ‘लोकल रेट’ आले. एकाच वेतनश्रेणीचे आश्वासन अमेरिका आणि पनामा यांच्या १९५५ च्या करारात मिळाले. त्याच कराराने क्षेत्राबाहेर राहणाऱ्या बिगर-अमेरिकी कामगारांचा स्वस्त दुकानाचा हक्क गेला आणि पनामाला त्यांच्या पगारावर आयकर लावता येऊ लागला. त्यानंतर अनेक कुटुंबांनी न्यूयॉर्कची, विशेषतः ब्रुकलिनची वाट धरली.