मोगऱ्याची नवी रोपं घरच्या घरी

आमच्याकडून मोगरा नेलेले ग्राहक हमखास विचारतात, याच झाडापासून आणखी रोपं करता येतील का? येतील की. भरगच्च पाकळ्यांच्या मोगऱ्याला बी सहसा धरत नाही, त्यामुळे रोपं फांदीपासूनच करायची, म्हणजे फूलही मूळ झाडासारखंच येतं.

खरी मेख फांदी निवडण्यात आहे. कोवळा शेंडा लगेच मान टाकतो, जून लाकडी फांदी मुळं धरायला रडवते. मधली घ्या: हिरवी साल तपकिरीकडे झुकलेली, वाकवली तर वाकणारी पण लुळी नसलेली. कळ्या असतील तर खुडा. धारदार, स्वच्छ कात्रीने पेराच्या (पानं फुटतात त्या गाठीच्या) लगेच खाली कापून 10 ते 15 सेंटिमीटरचा तुकडा घ्या. मुळं बहुधा पेरापाशीच फुटतात. खालची पानं काढा, शेंड्याची एक जोडी ठेवा. पानं मोठी असतील तर तीही अर्धी कापा.

फांदी खोचायला कुंडीत कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) आणि जाड वाळू निम्मी-निम्मी. खत आत्ता नकोच. रूटिंग पावडर आमच्याकडे मिळते, तिने मुळं लवकर येतात. पण तिच्याविनाही मोगरा रुजतो, हे सांगितलेलं बरं.

बहुतेक फांद्या दगावतात त्या पाण्याच्या लाडाने. ओलावा हवा तो पानांभोवतीच्या हवेत; खालचं मिश्रण नुसतं दमट असलं की पुरे. कुंडीवर पारदर्शक पिशवी घाला, रोज थोडा वेळ उघडा आणि उजेडाच्या पण उन्हाबाहेरच्या जागी ठेवा. उन्हात पिशवीच्या आत फांदी शिजते. बुंधा काळा, मऊ पडला तर ती काढून टाका, मिश्रणही पुन्हा वापरू नका.

दोन-तीन आठवड्यांत नवं पान दिसलं तरी हुरळू नका. फांदीतल्या अन्नसाठ्यावरही, मुळं नसताना पान फुटतं. उपटून पाहण्याचा मोह आवरा. उबदार हवेत मुळांना साधारण 4 ते 6 आठवडे लागतात. कुंडीच्या भोकातून पांढरी मुळं डोकावली की मगच हलवा.

जाई-जुईच्या लांब वेलींना दाब कलम सोपं: वेल झाडावरच असू द्या, एक पेर मातीत दाबा, मुळं धरली की तोडा. (रातराणी या कुळातली नाही, पण तीही फांदीपासून होते.)

नवं रोप आठवडाभर सावलीत ठेवून हळूहळू उन्हाला आणा. पानं पिवळी पडू लागली तर एक पान सोबत घेऊन दुकानात या, पाहून सांगतो.