पार्श्वभूमी : टीव्हीच्या आधीच गाजलेली मुलं

पश्चिम जर्मनीत १९५०च्या दशकात टीव्हीवर मनोरंजनाचे मोठे कार्यक्रम सुरू झाले, तेव्हा त्यांचा साचा रेडिओने आधीच पाडून ठेवला होता. थोडे विनोद, थोडी गाणी, एखादी कसरत आणि मध्ये मुलांचं समूहगान. पेटर फ्रांकेनफेल्डसारखे सूत्रधारही रेडिओ आणि रंगमंचावरूनच आले. मोठ्या चौकड्यांचा कोट ही त्याची खूण. पण ओबर्नकिर्शेनच्या बालगायकांसारख्या मुलांना टीव्हीने मोठं केलं, हा समज काही खरा नाही.

ओबर्नकिर्शेन हे लोअर सॅक्सनीतलं छोटं गाव, वालुकाश्माच्या खाणींसाठी ओळखलं जाणारं. १९४९मध्ये तिथे एडिथ म्योलर आणि एर्ना पीलष्टिकर या दोघींनी बालगायकांचं पथक उभं केलं. एडिथच्या भावाने, फ्रीडरिश-विल्हेल्म म्योलरने, एकोणिसाव्या शतकातल्या एका भटकंतीच्या कवितेला चाल लावली. 'वाल्डेरी, वाल्डेरा' हे पालुपद असलेलं ते गाणं मुलांनी उचललं. एकदा कानावर पडलं की दिवसभर पिच्छा सोडत नाही, असं ते पालुपद.

१९५३च्या जुलैत हे पथक वेल्समधल्या लँगॉलेनच्या आंतरराष्ट्रीय संगीत महोत्सवात गेलं आणि जिंकून आलं. युद्ध संपून जेमतेम आठ वर्षं झालेली. जर्मन बॉम्बहल्ले सोसलेल्या देशात जर्मन मुलं गायला उभी राहतात, ही गोष्ट तेव्हा साधी नव्हती. प्रौढांचं पथक असतं, तर श्रोत्यांच्या मनात पहिला प्रश्न 'हे तेव्हा कुठे होते?' असाच आला असता. दोन वेण्या घातलेल्या मुलींना तो कोण विचारणार? महोत्सवाला आलेला कवी डिलन थॉमस तर त्यांना 'वेण्यांतले देवदूत' म्हणाला, असं सांगतात. मग त्या भटकंतीच्या गाण्याचं ध्वनिमुद्रण बीबीसी रेडिओवर वाजलं, तबकडी निघाली आणि १९५४मध्ये ती ब्रिटनच्या विक्री-यादीत दुसऱ्या क्रमांकापर्यंत चढली. यादीत ती २६ आठवडे होती.

तोवर जर्मन टीव्ही नुकता रांगायला लागला होता. हॅम्बुर्गहून नियमित प्रक्षेपण सुरू झालं ते २५ डिसेंबर १९५२ला. स्टुडिओ होता युद्धकाळातल्या हवाई हल्ल्यांच्या बंकरमध्ये. पहिल्याच संध्याकाळी 'शांत रात्र' या नाताळगीताच्या जन्मकथेवरचं नाटक दाखवलं गेलं, म्हणजे नाताळ आणि समूहगानाशी या माध्यमाचं नातं पहिल्या दिवसापासूनचं. राज्याराज्यांच्या केंद्रांचा सामाईक कार्यक्रम १ नोव्हेंबर १९५४ला सुरू झाला आणि दहा लाख टीव्हीसंचांचा टप्पा यायला १९५७ उजाडलं. अशा नवख्या माध्यमाला घरातल्या आजीपासून नातवापर्यंत सगळ्यांना चालेल, असा तयार माल हवा होता, आणि गाणारी मुलं म्हणजे नेमकं तेच. बर्लिनमध्येही १९४७पासून गेरहार्ट हेलविगचं शोनेबर्ग भागातलं गायक मुलांचं पथक होतंच.

सगळं थेट प्रक्षेपण, चूक झाली तर झाली. मुलं मात्र मंचावर तालमीने पक्की झालेली. चित्रफितीची यंत्रं दशकाच्या अखेरीस आली. त्याआधीचं जतन करायचं तर पडद्यावरून फिल्मवर उतरवून घ्यावं लागे आणि ते प्रत्येक कार्यक्रमाच्या नशिबी नव्हतं. म्हणूनच आज या गायकांच्या तबकड्या सहज ऐकायला मिळतात, पण सुरुवातीच्या वर्षांतली टीव्हीवरची दृश्यं शोधावी लागतात.