पडद्यामागच्या शिम जे-म्योंग

१९८०च्या दशकाच्या मध्यापर्यंत दक्षिण कोरियात चित्रपट काढायचा तर सरकारी परवाना लागे, आणि तो मोजक्याच कंपन्यांकडे होता. खरी कमाई विदेशी चित्रपटांच्या आयातीत. देशी चित्रपट बरेचदा आयातीचा कोटा पदरात पडावा म्हणून उरकले जात. पुढे कायदा सैल झाला, १९८८पासून हॉलिवूडच्या कंपन्या थेट वितरणात उतरल्या आणि जुना हिशेब मोडला. प्रेक्षक कोण, त्याला काय पाहायचंय, हे आधी ठरवून कथा घडवणारी नवी पिढी याच काळात पुढे आली.

चित्रपट-निर्मात्या शिम जे-म्योंग या पिढीतल्या. सुरुवात जाहिरातीच्या ओळी लिहिण्यापासून, प्रसिद्धीच्या कामातून. १९९५मध्ये पती ली उन यांच्यासोबत त्यांनी ‘म्योंग फिल्म्स’ उभी केली. ली उन विद्यार्थी चळवळीच्या काळात सरकारची नजर चुकवून चित्रपट करणाऱ्या गटातले. एकाला प्रेक्षक कळत होता, दुसऱ्याला धोका पत्करायची सवय होती. मला या कंपनीचं सारं बळ या जोडणीत दिसतं.

२००० साली त्यांनी ‘जॉइंट सिक्युरिटी एरिया’ काढला तो दिग्दर्शक पार्क चान-वूक यांना घेऊन. पार्क यांचे आधीचे दोन्ही चित्रपट पडले होते. विषय तर त्याहून अवघड: सीमेवरच्या उत्तर आणि दक्षिणेकडच्या सैनिकांची चोरटी मैत्री. दोन्ही कोरियांच्या सीमेवरच्या खऱ्या पानमुनजोम चौकीत चित्रीकरण शक्य नव्हतं, म्हणून नामयांगजूच्या स्टुडिओत ती सीमाचौकी हुबेहूब उभारली. जूनमध्ये दोन्ही कोरियांचे नेते प्योंगयांगला भेटले आणि सप्टेंबरमध्ये, छुसोक सणाच्या तोंडावर, चित्रपट लागला. पन्नास लाखांहून अधिक लोकांनी तो पाहिला. चिडलेले माजी सैनिक मात्र कंपनीच्या कार्यालयावर चालून गेले. पडलेल्या दिग्दर्शकावर आणि अशा विषयावर पैसा लावायला निर्मात्याची छातीच लागते, आणि तिचं श्रेय क्वचितच कुणी देतं.

यशानंतरही त्यांनी सोपी वाट धरली नाही. २००४च्या अथेन्स ऑलिम्पिकमध्ये अंतिम सामना हरलेल्या महिला हँडबॉल संघावर २००८मध्ये चित्रपट आला. दिग्दर्शक इम सुन-ऱ्ये. याच इम यांचा ‘वायकिकी ब्रदर्स’ २००१मध्ये म्योंग फिल्म्सनेच काढला होता आणि तो चालला नव्हता. हँडबॉलचा चित्रपट मात्र तुफान चालला. २०१४मध्ये आला ‘कार्ट’, सुपरमार्केटमधून कामावरून काढलेल्या बायकांच्या संपाचा. पुढे पाजूच्या पुस्तकनगरीत त्यांनी तरुणांना चित्रपटकला शिकवणारी शाळाही सुरू केली.