किंमत शोधायची की नग? दोन चलांच्या शाब्दिक उदाहरणांतला नेहमीचा घोळ

दोन चलांतील रेषीय समीकरणं हे दहावीच्या गणित भाग १ मधलं पहिलंच प्रकरण. तयार समीकरणं दिली की मुलं ती सोडवतात. सहगुणक (अज्ञात अक्षराला, म्हणजे चलाला, गुणणाऱ्या संख्या) सारखे करायचे, वजाबाकी करून एका चलाचा लोप करायचा, हे हाताला बसलेलं असतं. गाडी अडते ती त्याच्या आधी, शब्दांतून समीकरण मांडताना. दिसायला जुळी असलेली दोन प्रकारची उदाहरणं तिथे एकमेकांत मिसळतात.

पहिलं: ३ वह्या आणि ५ पेन यांचे १४० रुपये, ५ वह्या आणि ३ पेन यांचे १८० रुपये. एका वहीची आणि एका पेनची किंमत काढा.

दुसरं: वही ३० रुपयांना, पेन १० रुपयांना. दोन्ही मिळून १२ नग घेतले, बिल २२० रुपये झालं. वह्या किती, पेन किती?

दुकान तेच, माल तोच. पण पहिल्यात नग दिलेत आणि किंमत अज्ञात आहे. दुसऱ्यात किंमत दिलीय आणि नग अज्ञात आहेत. म्हणजे एका ठिकाणी जो सहगुणक, तोच दुसऱ्या ठिकाणी चल.

आता सगळ्या घोळाचं मूळ असलेली ओळ: ‘समजा, वही = क्ष, पेन = य.’ ही ओळ मला बघवत नाही. वही म्हणजे काय? वहीची किंमत, की वह्यांची संख्या? अशा ओळीनंतर ३क्ष हे ‘तीन वह्या’ असं वाचलं जातं. पहिल्या प्रकारात ते योगायोगाने खपून जातं, ३क्ष + ५य = १४० बरोबरच येतं, आणि म्हणूनच सवय सुटत नाही. दुसऱ्या प्रकारात मात्र ती अंगाशी येते. ‘वह्या पेनांच्या तिप्पट आहेत’ असं वाक्य आलं, की मनात चित्र उभं राहतं: तीन वह्यांमागे एक पेन. मग वहीत उतरतं ३क्ष = य. चूक! पेन २ असतील तर वह्या ६, म्हणजे क्ष = ३य. अक्षराला वस्तूचं नाव मानल्यामुळे तीन भलत्या बाजूला जाऊन बसले.

म्हणून पूर्ण वाक्य लिहायचं: ‘एका वहीची किंमत क्ष रुपये मानू’ किंवा ‘वह्यांची संख्या क्ष मानू’. ‘रुपये’ किंवा ‘संख्या’ हा शब्द त्या ओळीत हवाच. मग प्रत्येक पदाखाली पेन्सिलीने एकक लिहा. पहिल्या प्रकारात ३ नग × क्ष रुपये म्हणजे रुपये. दोन्ही समीकरणं रुपयांची. दुसऱ्यात क्ष + य = १२ हे नगांचं, ३०क्ष + १०य = २२० हे रुपयांचं. क्ष + य = २२० असं लिहिणारे कमी नाहीत; एकक लिहिलं असतं तर नगांची बेरीज रुपयांत निघालेली तिथेच दिसली असती. उलट, पहिल्या प्रकारात ३ आणि ५ बघून क्ष + य = ८ लिहितात. तिथे क्ष + य म्हणजे एक वही आणि एक पेन यांचे मिळून पैसे. आठाचा संबंधच नाही.

सोडवण्याबद्दल थोडक्यात. पहिल्यात ३ आणि ५ अदलाबदल होऊन आलेत, तेव्हा समीकरणांची बेरीज करा: ८क्ष + ८य = ३२०, म्हणजे क्ष + य = ४०. दुसऱ्या समीकरणातून पहिलं वजा करा: २क्ष − २य = ४०, म्हणजे क्ष − य = २०. वही ३०, पेन १०. इथे क्रेमरचे निश्चयक (सहगुणकांची चौकट मांडून उत्तर काढायची पद्धत) मांडत बसणं म्हणजे वेळ घालवणं आणि चिन्हाची चूक ओढवून घेणं. प्रश्नात तीच पद्धत मागितली असेल तरच वापरा.

दुसरा प्रकार तोंडीही सुटतो. सगळे १२ पेनच धरा: १२० रुपये. बिलात १०० जास्त आहेत. एक पेन काढून वही ठेवली की २० वाढतात, म्हणून वह्या ५, पेन ७. स्पर्धा परीक्षेत हेच करावं. पण ही युक्ती फक्त नग अज्ञात असतानाच चालते. पहिल्या प्रकारावर लावायला जाल तर हाती काही लागणार नाही.

उत्तर अपूर्णांकात आलं तर? किंमत १२.५० आली म्हणून घाबरून खोडू नका, किंमत तशी असू शकते. वह्या साडेचार आल्या तर मात्र मांडणी किंवा आकडेमोड परत तपासा. (साखर-डाळ किलोत असेल तर साडेचारही चालतील.)

पडताळा स्वतःच्या समीकरणात करू नका. चुकीचं समीकरणही आपल्याच उत्तराशी जुळतं. उत्तर मूळ वाक्यात घाला: ५ वह्यांचे १५०, ७ पेनांचे ७०, एकूण २२०, नग १२.